परतीचं अर्धं तिकीट

आमच्याकडे मेलेल्या माणसाला जमीन फक्त तीन वर्षांसाठी मिळते. तीन वर्षं झाली की घरच्या बायका थडगं उघडतात, हाडं वर काढतात, वाइनने धुतात आणि नाव लिहिलेल्या लाकडी पेटीत घालून चर्चमागच्या खोलीत इतरांच्या शेजारी ठेवतात. हाडं मेणासारखी पिवळी आणि स्वच्छ निघाली तर माणूस सुटला म्हणायचं. तशी नाही निघाली तर परत माती लोटतात, आणि घरी जाताना कुणी कुणाशी बोलत नाही.

मी आता ब्याऐंशी वर्षांची आहे. अशी बरीच थडगी उघडताना पाहिली, तिघांची हाडं माझ्या हातांनी धुतली. पण रात्रंदिवस डोळ्यांपुढे राहिलं ते एकच, माझ्या भावाचं, लाम्ब्रोसचं.

आमचं गाव ग्रीसमधल्या थेसलीच्या मैदानात. तेव्हा तिथून छोटी गाडी जायची, सकाळी बंदराकडे आणि संध्याकाळी सहा चाळीसला बंदराकडून वरच्या तालुक्याकडे. आता रूळही नाहीत, त्या जागी कापूस लावतात. त्या गाडीच्या कोळशाचा वास, डब्यातल्या लाकडी बाकांची चकाकी, हिवाळ्यात धुक्यातून आधी आवाज आणि मग दिवा येणं, हे ज्यांना सांगावं ते सगळे पेट्यांमध्ये जाऊन बसले.

आमचं स्टेशन म्हणजे एक खोली, एक लाकडी फाटक आणि तेलाच्या डब्यांत लावलेली लाल जिरेनियमची फुलं. फुलं मान्थोसकाकांची, आणि स्टेशनही त्यांचंच म्हणायचं, कारण तिकीट देणारे, दिवा लावणारे, झाडू मारणारे सगळे तेच. गाडी आमच्याकडे आपसूक थांबत नसे. फलाटावरून कुणी हात दाखवला किंवा डब्यातल्या कुणी उतरायचं म्हणून दोरी ओढली, तरच थांबे. उतरणाऱ्याचं तिकीट मान्थोसकाका फाटकाशी घेत आणि वहीत लिहीत: अमुक गाडी, उतरलेले प्रवासी इतके. तिकीट दिल्याशिवाय त्यांनी कुणाला फाटकातून सोडलेलं मी पाहिलं नाही. एकदा बिशपसाहेबांनाही खिसे उलटे करायला लावले होते.

लाम्ब्रोस तेवीस वर्षांचा होता, सुतारकाम करायचा. एकोणीसशे चौतीसच्या नोव्हेंबरातला तो शनिवार. आईच्या चष्म्याची एक काडी मोडली होती आणि काचेला तडा गेला होता. आमच्या आळीत वाचता येणारी बाई एकच, माझी आई स्तामाता. कुणाकडे मयत झाली की स्तोत्रं वाचायला तिलाच बोलवायचे. चष्मा दुरुस्त होणार बंदरावरच. लाम्ब्रोसने तो रुमालात गुंडाळून खिशात टाकला.

"संध्याकाळच्या गाडीने येतो," तो म्हणाला. "घेवड्याचं सूप ठेव. आणि माझ्या वाटणीचे ऑलिव्ह या असिमोच्या हाती देऊ नकोस. चव बघते म्हणते आणि वाटी रिकामी करते."

"जा रे, लाकूडतोड्या," मी म्हणाले. शेवटचं बोलणं ते. मी चौदा वर्षांची होते.

त्याच सकाळी बंदराच्या अलीकडे ओढ्यावरच्या पुलाजवळ गाडीचा शेवटचा डबा रुळावरून घसरला आणि खाली गेला. पाच माणसं मेली. तिकिटं तपासणारे झिसिसकाकाही त्यातच गेले. लाम्ब्रोस मात्र डब्यात नव्हता. तो सापडला साठ पावलं मागे, रुळाच्या कडेला.

घरी आणल्यावर बायकांनी त्याला धुतलं. चष्मा कुठेच मिळाला नाही, रुमालसुद्धा नाही. बंडीच्या आतल्या खिशात तिकीट होतं, जाड पुठ्ठ्याचं, जायचं अर्धं आणि यायचं अर्धं अजून जोडलेलं. आईने ते कितीतरी वेळ हातात धरलं.

"असिमो," ती म्हणाली, "मेणकापडाचा तुकडा आण. हे शिवून दे मला."

"काय करतेस?" वासिलोमावशीने विचारलं. ती आईची थोरली बहीण. अख्ख्या गावाची मयतं तिच्या हाताखालून गेलेली. "हातात नाणं ठेवायचं असतं."

"नाणं ठेव तू तिकडच्या हातात. या हातात हे."

"अगं पण स्तामाता, परतीचं आहे ते!" मावशीने आवाज खाली आणला. "जाणाऱ्याला परतीचं काही देऊ नये. वेडी झालीस का?"

"पैसे भरलेत त्याने," आई म्हणाली. "यायचं त्याचं बाकी आहे."

मावशीने छातीवर क्रूसाची खूण केली आणि भिंतीकडे तोंड केलं. मी माझ्या भरतकामाच्या लाल दोऱ्याने मेणकापडाची पिशवी शिवली. चौदा टाके, माझ्या वयाइतके. का मोजले कोण जाणे. मीच ती त्याच्या उजव्या हातात ठेवली आणि बोटं मिटवली.

रेल्वे कंपनीचा अहवाल डिसेंबरात आला. मेलेल्या प्रवाशांच्या घरच्यांना भरपाई मिळणार होती, पण त्या यादीत लाम्ब्रोसचं नाव नव्हतं. त्याच्याबद्दल वेगळं वाक्य होतं, ते मला अजून पाठ आहे. 'रुळावर आढळलेला इसम हा प्रवासी नसून, फुकट वाट चालणारा अथवा जीव देण्यास आलेला असावा.'

आई एवढंच म्हणाली, "परत वाच." मी परत वाचलं. चष्म्याविना तिला अक्षर दिसत नव्हतं.

त्यातलं शेवटचं जे होतं त्याने आमचं घर बुडालं. जीव देणाऱ्याची पेटी चर्चमागच्या खोलीत घेत नाहीत. आमचे पाद्री तसे वाईट नव्हते, घाबरट होते. बिशपांचं पत्र दाखवून म्हणाले, "कोर्टाने त्याला प्रवासी म्हटलं तर पेटी आत येईल, स्तामाता. नाहीतर माझ्या हातात काही नाही."

म्हणून आईने दावा लावला. लोकांना वाटलं भरपाईसाठी लावला. तिला तो एक शब्द हवा होता.

तालुक्याचे वकील व्रासिदास मण्यांची माळ बोटांत फिरवत ऐकत असत. सगळं ऐकून ते खुश झाले.

"सोपं आहे. मान्थोसच्या वहीत त्या सकाळी एक परतीचं तिकीट विकल्याची नोंद आहे. ते तिकीट दाखवलं की झालं. कुठाय?"

"त्याच्याकडे आहे," आई म्हणाली.

"त्याच्याकडे म्हणजे?"

"हातात. उजव्या."

माळ थांबली. "बाई, तीस वर्षं वकिली करतोय. लोक तिकीट हरवतात, जाळतात. एकाचं बकरीने खाल्लं होतं. पुरलेलं तिकीट पहिल्यांदाच ऐकतोय."

"मग लिहून ठेवा."

"उघडूया का थडगं? परवानगी मी आणतो."

"तीन वर्षांच्या आत?" आई उठून उभी राहिली. "आधी तुमच्या आईला उकरा, वकीलसाहेब, मग माझ्याकडे या."

मान्थोसकाकांनी साक्ष दिली, पण मान खाली घालून. पहाटेचा अंधार होता, तिकीट कुणाला विकलं ते आठवत नाही म्हणाले. गावातल्या प्रत्येक कुत्र्याचं नाव ठाऊक असलेला माणूस! पण नोकरी कंपनीची होती आणि घरी पाच तोंडं होती. कोर्टाबाहेर आई त्यांच्याजवळून गेली तेव्हा म्हणाली, "तुमची फुलं छान आलीत हो यंदा." त्यापेक्षा तिने थोबाडीत दिली असती तर त्यांना बरं वाटलं असतं.

थडगं उघडेपर्यंत व्रासिदासांनी तीन वर्षं तारखा घेतल्या. एकदा साक्षीदार ऑलिव्ह तोडायला गेला होता, एकदा वकीलसाहेब स्वतः पायरीवरून पडले. महिनाभर कोर्टात काठी टेकत येत आणि कोपऱ्यावर वळलं की ती काखेत मारून भराभर चालत.

आणि दर शनिवारी गाडी थांबू लागली.

मयताच्या चाळिसाव्या दिवसाचे उकडलेले गहू वाटून झाल्यावरचा तो पहिला शनिवार. फलाटावर कुणी नव्हतं, कुणी हात दाखवला नाही. सहा चाळीसची गाडी धुक्यातून आली आणि थांबली. नवा तिकीट तपासनीस खाली उडी मारून ओरडला, "कोण उतरतंय? शेवटच्या डब्यातली दोरी कुणी ओढली?" शेवटच्या डब्याचं दार उघडं होतं आणि उतरलं कुणीच नव्हतं. पुढच्या शनिवारी तेच झालं. कंपनीने मिस्त्री पाठवून दोरी बदलली. गाडी थांबतच राहिली.

आई दर शनिवारी फाटकाशी जाऊन उभी राही आणि गाडी गेल्यावर घरी येऊन सूप झाकून ठेवी.

"खडीवरून येतो," ती एकदा मला म्हणाली. "फाटकापर्यंत येतो आणि थांबतो. पुढे येत नाही."

खडीवरची ती पावलं मी ऐकली का? तेव्हा कुणी विचारलं असतं तर नाही म्हटलं असतं. पण शनिवारी संध्याकाळी मान्थोसकाका फाटकाशी पाठ करून दिवा पुसत बसायचे, वर बघायचे नाहीत, हे सगळ्या गावाने पाहिलंय.

सदतीसच्या नोव्हेंबरात तीन वर्षं भरली. कोर्टाने हुकूम दिला की थडगं घरच्यांनीच उघडावं, पण कोर्टाच्या कारकुनासमोर आणि कंपनीच्या वकिलासमोर. आईने शनिवार निवडला. दुपारी तीनला आम्ही जमलो. वासिलोमावशी बाह्या सरसावून खाली उतरली. कंपनीचे वकील नाकाला रुमाल लावून सायप्रसच्या झाडाला टेकले होते. थेओफिलोस नावाचा कारकून, बारीक, पोटदुखी असल्यासारख्या चेहऱ्याचा, कागद घेऊन कडेला बसला.

हाडं स्वच्छ निघाली, पिवळी, मेणासारखी. मावशीने कवटी वर उचलली, तिच्यावर वाइन ओतली आणि कपाळाचं चुंबन घेतलं. "सुटलंय गं पोर," ती रडत म्हणाली. "बघ, सुटलंय."

मग उजवा हात. मेणकापडाची पिशवी बोटांच्या हाडांत होती. लाल टाके मी मोजले. चौदा. एकही उसवला नव्हता, एकही बदलला नव्हता. आपला टाका आपल्याला ओळखता येतो.

थेओफिलोसने कात्रीने पिशवी उघडली. तिकीट कोरडं होतं. जायच्या अर्ध्यावर चिमट्याचं भोक होतं, माशाच्या आकाराचं. प्रत्येक तपासनिसाचा चिमटा वेगळा. कुणाचा तारा, कुणाचं पान. मासा झिसिसकाकांचा.

"मासा!" व्रासिदास ओरडले. "लिहा, लिहा! झिसिसने गाडीत तपासलेलं तिकीट! रुळावर चालणाऱ्याचं तिकीट कोण तपासतं, सांगा!"

थेओफिलोसने लिहिलं नाही. तो तिकिटाच्या दुसऱ्या टोकाकडे पाहत होता. यायच्या अर्ध्यावरही भोक होतं. तोच मासा.

मी ते टाके घातले तेव्हा यायचं अर्धं कोरं होतं. मी स्वतः पाहिलं होतं, मावशीने पाहिलं होतं.

कंपनीचे वकील पुढे आले. रुमाल नाकावरून खाली आला होता. "छान," ते म्हणाले. "म्हणजे तो बंदरावर गेला आणि परतही आला. दोन्ही वेळा तपासणी झालेली. त्याचा प्रवास सुखरूप पूर्ण झाला. मग त्यानंतर रुळावर तो काय करत होता ते त्याचं त्याला माहीत. किंवा हे सगळं खोटं आहे, कुणीतरी झिसिसचा चिमटा मिळवलाय. कोणतंही घ्या, व्रासिदास. सोमवारी कोर्टात दोन्ही मांडतो."

"चिमटा मिळवता येणार नाही," थेओफिलोस हळू आवाजात म्हणाला. "अपघाताच्या दिवसापासून माझ्या कपाटात आहे. लाखेचं सील मीच मारलंय. काल पाहिलं, शाबूत आहे."

त्याने तिकीट पाकिटात घालून वर लाख लावली. व्रासिदास थडग्याच्या कडेवरच बसले, चांगल्या पाटलोणीची पर्वा न करता. मावशी तिकिटाकडे बघेना. आईने हाडं पेटीत भरली, मोठी खाली आणि लहान वर, जशी ती कपडे भरायची. पेटी आत घ्यायला पाद्री तयार नव्हते, म्हणून आम्ही ती घरी नेली आणि सूपाच्या वाटीशेजारी टेबलावर ठेवली.

वकील आणि कारकून तालुक्याला जाणार होते, सहा चाळीसच्याच गाडीने. आई शाल घेऊन त्यांच्यामागे निघाली आणि मी तिच्यामागे.

धुकं एवढं होतं की फुलांचे डबेही दिसत नव्हते. कंपनीचे वकील फलाटाच्या कडेला जाऊन हात वर करू लागले.

"राहू द्या साहेब," मान्थोसकाका म्हणाले. "शनिवारी लागत नाही."

गाडी आली आणि थांबली. शेवटच्या डब्याचं दार उघडलं. नव्या तपासनिसाने आता ओरडणं सोडलं होतं, तो पुढच्या डब्याच्या पायरीवर दुसरीकडे बघत उभा होता. उतरलं कुणी नाही.

आई फाटकाशी उभी होती. "मान्थोस," ती म्हणाली, "तिकीट घ्या."

"कुणाचं, स्तामाताबाई?"

"हे साहेब म्हणतात माझा मुलगा परत आला. दोन्हीकडे तपासलेलं तिकीट आहे म्हणतात." ती कंपनीच्या वकिलांकडे वळली. "म्हणालात ना? परत आला तर उतरला कुठे? तीन वर्षांच्या वहीत दाखवा मला उतरलेला. त्याचं तिकीट कुणी घेतलं नाही. तिकीट दिल्याशिवाय हा माणूस बिशपालाही सोडत नाही, मग माझ्या पोराला कसा सोडेल?"

"हा पुरावा आहे!" वकील म्हणाले. "सील झालेला! त्याला हात लावू नका. फाटलेलं तिकीट रद्द, मागे छापलंय."

"प्रवाशाने फाडलं तर," मान्थोसकाका म्हणाले. त्यांचा आवाज मी ओळखला नाही. "स्टेशनवाल्याने फाडायचंच असतं."

थेओफिलोस कारकून. कोर्टातला सगळ्यात घाबरट माणूस अशी त्याची ख्याती होती. त्याने पाकिटाची लाख नखाने उडवली आणि तिकीट मान्थोसकाकांच्या हाती दिलं.

"मान्थोस, नोकरी जाईल," वकील म्हणाले. पण ते मान्थोसकाकांकडे बघत नव्हते. ते फलाटाच्या खडीकडे बघत होते. त्या वेळी मीही ऐकलं. आज विचाराल तर हो म्हणेन. शेवटच्या डब्यापासून फाटकापर्यंत, न घाई करता, खडी वाजत आली आणि माझ्यापासून दोन हातांवर थांबली. लाकडाच्या भुशाचा वास आला.

मान्थोसकाकांनी टोपी सरळ केली. तिकीट मधल्या रेषेवर दुमडलं, फाडलं, यायचं अर्धं फाटकाजवळच्या तिकिटांच्या डब्यात टाकलं. जायचं अर्धं थेओफिलोसला परत दिलं. मग दिव्याखाली वही धरून लिहिलं आणि मोठ्याने वाचलं, नियमच होता तसा: "सहा चाळीसची गाडी. उतरलेले प्रवासी, एक. लाम्ब्रोस, स्तामाताचा मुलगा. सकाळी तिकीट मीच विकलं होतं."

आणि त्यांनी फाटक उघडलं. माझ्या गालाला वारा लागला, एवढंच.

"चला," आई म्हणाली. मला म्हणाली असं मी धरून चालले.

सोमवारी कोर्टात वही ठेवली गेली. न्यायाधीशांनी कंपनीच्या वकिलांना विचारलं की कंपनीच्याच माणसाने कंपनीच्याच वहीत याला प्रवासी म्हणून लिहिलं आहे, यावर आपलं काय म्हणणं. व्रासिदास सांगत की ते वकील एवढंच म्हणाले, "हरकत नाही," आणि खाली बसले.

मान्थोसकाकांची बदली डोंगरातल्या एका स्टेशनवर झाली. जाताना जिरेनियमचे सगळे डबे आमच्या पायरीवर ठेवून गेले.

पुढच्या शनिवारी गाडी थांबली नाही. शिट्टी वाजवत धुक्यातून गेली. मी आईकडे पाहिलं. ती फाटकाकडे गेलीच नव्हती. तिने उठून दाराला आतून कडी लावली. तीन वर्षांत शनिवारी संध्याकाळी पहिल्यांदा.

"आई, मावशी यायचीय ना?"

"उद्या येईल. घरातले सगळे आलेत."

निकालाची प्रत दहा दिवसांनी पोस्टाने आली. दुसऱ्या दिवशी पेटी चर्चमागच्या खोलीत जाणार होती, पाद्री स्वतः सांगून गेले होते. मी पाकीट उघडून वाचायला घेतलं, तर आईने ते माझ्या हातातून काढून घेतलं.

"दे इकडे," ती म्हणाली आणि लाम्ब्रोसच्या खोलीत गेली, जिथे आता पेटी हलवली होती. दार लोटलं.

मी ओट्याशी उभी होते. आतून तिचा आवाज येऊ लागला. तारीख, दाव्याचा नंबर, न्यायाधीशांची नावं. मग बारीक टायपातला मजकूर, न अडखळता, ओळीमागून ओळ. 'मयत लाम्ब्रोस हा सदर गाडीचा प्रवासी होता.' तीन वर्षं तिने वाचलेलं एक अक्षर मी ऐकलं नव्हतं.

ती थांबली. प्रवासी, असं पुन्हा एकदा वाचलं. मग काचेवर फडकं फिरवल्याचा आवाज आला. तो आवाज मला लहानपणापासून ठाऊक होता.

"छान बसवलीय रे काच," आई म्हणाली. "अगदी स्वच्छ दिसतंय."

मी हातातली वाटी खाली ठेवली. आत गेले नाही.